1922 चा विजेता कोण? एका बॅनरचे प्रकरण

5 एप्रिल 2022, मंगळवार. न्यू ऑर्लिन्समध्ये सोमवारची रात्र नुकतीच पडली होती आणि आपल्याकडे सकाळचे सात वाजत होते. अमेरिकेतल्या कॉलेज बास्केटबॉलचा अंतिम सामना इथे बसून बघायचा तर तो पहिल्या चहाबरोबरच बघावा लागतो. मध्यंतराला नॉर्थ कॅरोलायना 40, कॅन्सस 25. मी लॅपटॉप मिटायच्या बेतात होतो. पण पुढच्या वीस मिनिटांत कॅन्ससने सगळी पिछाडी धुऊन काढली आणि सामना 72-69 असा जिंकला. अंतिम सामन्यात एवढ्या मागून येऊन जिंकलेला संघ तोवर झाला नव्हता.

खरी गंमत त्यानंतर सुरू झाली. कॅन्ससचे हे कितवे राष्ट्रीय विजेतेपद? स्पर्धा भरवणाऱ्या एनसीएएच्या हिशेबाने चौथे : 1952, 1988, 2008 आणि 2022. विद्यापीठाला विचाराल तर सहावे. जास्तीची दोन 1922 आणि 1923 ची. त्यांचे बॅनर, म्हणजे विजेतेपदाच्या कापडी पताका, लॉरेन्स गावातल्या ॲलन फील्डहाउस या विद्यापीठाच्या बास्केटबॉल सभागृहात बाकीच्यांच्या सोबतीने लटकतात. हरलेल्या नॉर्थ कॅरोलायनाचीही तीच तऱ्हा. एनसीएएची विजेतेपदे सहा, पण विद्यापीठ सात सांगते, कारण त्यात 1924 चे एक मिळवलेले आहे.

एनसीएएची स्पर्धाच मुळी सुरू झाली 1939 मध्ये. मग 1922 चे विजेतेपद दिले कोणी, आणि कधी दिले?

आपल्याकडे सरकारी नोकरांना 'पूर्वलक्षी प्रभावाने' हा शब्द चांगला ओळखीचा आहे. वेतन आयोग आज लागू होतो, पण थकबाकी मागच्या तारखेपासूनची मिळते. 1922 चे विजेतेपद हे तसेच थकबाकीचे आहे. फरक एवढाच, की पगाराच्या थकबाकीला काही सूत्र असते.

पाववाल्याची संस्था

पॉल हेल्म्स हे लॉस एंजेलिसमधले बेकरीवाले. 1931 मध्ये त्यांनी बेकरी काढली आणि पुढच्याच वर्षी त्या शहरात भरलेल्या ऑलिंपिकला पाव पुरवून नाव कमावले. त्यांचा माल दुकानात मिळत नसे. गाड्या शिटी वाजवत गल्लोगल्ली फिरत आणि बायकापोरे लाकडी खणांतून पाव, डोनट निवडून घेत. आपल्या सायकलवरच्या पाववाल्याचे मोटारीवर बसलेले रूप म्हणा. याच हेल्म्सकडे 1936 मध्ये बिल श्रोडर नावाचे गृहस्थ गेले. खेळांच्या नोंदी आणि वस्तू जमवण्याचा त्यांना नाद होता. त्या नादाला हेल्म्सनी पैसा दिला आणि हेल्म्स ॲथलेटिक फाउंडेशन उभे राहिले.

ही संस्था खेळाडूंना पदके देई, 'हॉल ऑफ फेम' चालवी आणि दरवर्षी कॉलेज फुटबॉल नि बास्केटबॉलचा राष्ट्रीय विजेता ठरवी. इथवर तक्रार करण्यासारखे काही नाही. पण श्रोडरना चालू वर्षापुरते थांबवेना. चाळिशीच्या दशकात त्यांनी बास्केटबॉलची यादी मागे नेऊन 1920 पर्यंत भिडवली. 1957 मध्ये आणखी मागे जाऊन 1901 गाठले. त्या साली येल विद्यापीठ विजेते असल्याचे जाहीर झाले, तेव्हा तो हंगाम होऊन छप्पन्न वर्षे लोटली होती. त्या येल संघातले जे कोणी हयात असतील, ते पंचाहत्तरी ओलांडलेले आजोबा असणार.

श्रोडरना उगाच कमी लेखू नये. तो माणूस मन लावून काम करणारा होता. वर्तमानपत्रे, वार्षिकांक, गुणपत्रके अशी कात्रणे जमवणे त्या काळात सोपे नव्हते, आणि त्यांनी जमवलेला पुष्कळसा ऐवज आजही लॉस एंजेलिसमध्ये अभ्यासकांच्या उपयोगी पडतो. पण विजेता ठरवण्याची रीत काय होती? अभ्यास आणि मत. एका पिढीने मैदानावर जे ठरवलेच नव्हते, ते दुसऱ्या पिढीने टेबलावर ठरवले.

बेकरी 1969 मध्ये बंद पडली. यादी मात्र राहिली.

1922 मध्ये खरोखर काय झाले

आता प्रकरणाच्या गाभ्याकडे. 1921-22 चा हंगाम घेऊ, कारण तो सगळ्यांत गोंधळाचा आहे.

त्या वेळचा खेळ आज बघितला तर ओळखू येणार नाही. बास्केट पडली की दर वेळी चेंडू मधल्या वर्तुळात आणायचा, पंचाने तो वर उडवायचा आणि दोघांनी उडी मारायची. म्हणून दोन्ही संघांत एक उंच गडी सोन्याच्या भावाचा. फाउलनंतरचे फ्री थ्रो ज्याला धक्का बसला त्यानेच मारायला हवेत असे नव्हते. संघाने नेमलेला एक हुकमी नेमबाज सगळेच्या सगळे मारू शके. वीस-पंचवीस गुणांत सामना खिशात पडे.

कॅन्ससचे प्रशिक्षक होते फॉग ॲलन. त्यांच्या आधी, 1898 पासून, तिथे प्रशिक्षक होते खुद्द जेम्स नेस्मिथ, म्हणजे 1891 मध्ये मॅसॅच्युसेट्समधल्या स्प्रिंगफील्डला हा खेळ ज्यांनी शोधून काढला तेच. त्यांची कॅन्ससमधली कामगिरी 55 विजय आणि 60 पराभव. खेळाचा जनक हा त्या विद्यापीठाचा एकमेव तोट्यातला प्रशिक्षक, हा विनोद लॉरेन्समध्ये आजही आवडीने सांगतात. ॲलन नेस्मिथांचे शिष्य, पण स्वभावाने उलट. नेस्मिथांच्या लेखी हा व्यायामाचा खेळ, तर ॲलनना हवा होता विजय.

कॅन्सस खेळे मिझुरी व्हॅली लीगमध्ये. लीगमध्ये नऊ संघ होते आणि प्रत्येकाशी घरी एक, बाहेर एक असे दोन सामने. म्हणजे प्रत्येकाचे सोळा. हंगामाच्या शेवटी कॅन्ससचे 15 विजय, 1 पराभव. शेजारच्या राज्यातल्या मिझुरी विद्यापीठाचेही नेमके तेवढेच : 15 विजय, 1 पराभव. इथे कागद-पेन्सिल घ्यायचीसुद्धा गरज नाही. दोघे एकमेकांशी दोनदा खेळले आणि दोघांच्या खाती एकेकच पराभव. मग एक सामना याने जिंकला, एक त्याने, आणि बाकीच्या सातही संघांना दोघांनी चौदाच्या चौदा सामन्यांत लोळवले, याखेरीज दुसरे काही संभवतच नाही. लीगचे विजेतेपद वाटून देण्यात आले.

लीगबाहेरचे सामने मिळवले की चित्र थोडे हलते. कॅन्सस 16-2, म्हणजे 16 विजय, 2 पराभव. मिझुरी 16-1. मिझुरीचे प्रशिक्षक क्रेग रुबी. त्यांनी तिथे दोनच हंगाम काम केले आणि दोन्ही मिळून 33 सामने जिंकून फक्त 2 गमावले. मग ते इलिनॉयला निघून गेले.

म्हणजे आपल्याच लीगमध्ये ज्याला एकट्याने पहिला नंबर मिळाला नाही, आणि ज्याचा बरोबरीतला जोडीदार त्याच्यापेक्षा एक सामना कमी हरला, तो कॅन्सस 1922 चा राष्ट्रीय विजेता. हे हेल्म्सचे मत.

आणखी दोघे

हेल्म्सनंतर बऱ्याच वर्षांनी पॅट्रिक प्रेमो आणि फिल पोरेटा या दोघांनी हेच काम नव्याने हाती घेतले. प्रेमो हे सेंट बोनाव्हेंचर विद्यापीठात लेखाशास्त्राचे प्राध्यापक. दोघांनी 1890 च्या दशकापासूनच्या हंगामांचे निकाल गोळा केले, संघांची वर्षवार क्रमवारी लावली आणि ती 2009 मध्ये ईएसपीएनच्या कॉलेज बास्केटबॉल कोशात छापून आली. हिशेबतपासनिसाने पाववाल्याची वही पुन्हा तपासावी तसाच हा प्रकार. बऱ्याच वर्षी दोन्ही याद्यांचे जमते. 1924 मध्ये दोघांनीही नॉर्थ कॅरोलायनालाच विजेते ठरवले. त्यांचा 26-0 हा हिशेब बघता दुसरे नाव घेणे अवघडच होते. पण 1922 मध्ये प्रेमो-पोरेटांनी मिझुरीचे नाव घातले. 1923 मध्ये हेल्म्सचे उत्तर कॅन्सस (17-1), तर यांचे उत्तर आर्मी, म्हणजे वेस्ट पॉइंटची लष्करी अकादमी (17-0). 1933 मध्ये हेल्म्सचे केंटकी, यांचे टेक्सस.

म्हणजे 1922 चे झाले दोन दावेदार, कॅन्सस आणि मिझुरी. तिसरा सगळ्यांत मजेशीर आहे, कारण त्या तिघांत स्पर्धा जिंकून आलेला तो एकटाच.

मार्च 1922 मध्ये इंडियानापोलिस शहरात कॉलेज संघांची एक राष्ट्रीय स्पर्धा भरली होती. वेगवेगळ्या विभागांतले सहा विजेते आले. आयडाहो, मर्सर, ग्रोव्ह सिटी, इलिनॉय वेस्लियन, कॅलामझू आणि वॉबॅश. अंतिम सामन्यात वॉबॅशने कॅलामझूला 43-23 असे हरवले. वॉबॅश म्हणजे इंडियानातल्या क्रॉफर्ड्सव्हिल गावचे लहानसे, आजही फक्त मुलांचे असलेले कॉलेज. प्रशिक्षक पीट व्हॉन. या स्पर्धेला कॅन्सस नव्हते, मिझुरीही नव्हते. पूर्वेकडची आणि मध्यपश्चिमेतली बडी विद्यापीठेही फिरकली नाहीत. स्पर्धा पुन्हा भरलीच नाही.

त्या सहा संघांची ताकद कॅन्ससपुढे टिकली असती का? माझे प्रामाणिक मत : बहुतेकांची नाही. पण म्हणून काय झाले? राष्ट्रीय नाव लावलेल्या स्पर्धेत येऊन जो जिंकतो, त्याला निदान एवढे म्हणता येते की मी खेळलो. 1922 च्या त्या मार्चमध्ये एखाद्याने लॉरेन्समध्ये जाऊन 'देशाचा विजेता कोण?' असे विचारले असते, तर ॲलनच्या पोरांनी 'मिझुरी व्हॅलीचे आम्ही विजेते, अर्धे' असे काहीसे सांगितले असते. राष्ट्रीय विजेतेपद या गोष्टीचा तेव्हा साचाच तयार नव्हता. पूर्वेचे संघ पूर्वेत खेळत, पश्चिमेचे पश्चिमेत. आगगाडीने दोन-दोन रात्री प्रवास करून सामन्याला जाणे परवडायचे कोणाला?

1940 चा धागा

आता ज्या एका गोष्टीमुळे मला हे प्रकरण लिहावेसे वाटले, तिच्याकडे येतो.

कॅन्ससचा युक्तिवाद साधा आहे. हेल्म्स ही मान्यवर संस्था होती, तिने आम्हाला विजेते म्हटले, म्हणून आम्ही बॅनर लावला. ठीक. मग त्याच संस्थेचा 1940 चा निर्णय काढून बघू.

1939 पासून एनसीएएची स्पर्धा सुरू झाली होती. पहिल्या वर्षी आठ संघ. अंतिम सामना इलिनॉयमधल्या इव्हान्स्टनला, ओरेगनने ओहायो स्टेटला 46-33 असे हरवले. भरवणाऱ्या प्रशिक्षक संघटनेला 2,531 डॉलरचा खड्डा पडला. आज जिच्या प्रक्षेपणहक्कांची किंमत अब्जांत मोजतात, तिचा उगम असा तोट्यातला. पुढच्या वर्षी अंतिम सामना कॅन्सस सिटीत होता. त्याआधी पश्चिम विभागाच्या निर्णायक लढतीत कॅन्ससने सदर्न कॅलिफोर्नियाला, म्हणजे यूएससीला, 43-42 असे एका गुणाने हरवले. कॅन्सस अंतिम फेरीत गेले आणि तिथे इंडियानाकडून 60-42 असे हरले. एनसीएएची विजेती इंडियाना, उपविजेती कॅन्सस. घरी गेली यूएससी.

हेल्म्सच्या यादीत 1940 चा राष्ट्रीय विजेता कोण? यूएससी.

ज्याला कॅन्ससने मैदानावर हरवून स्पर्धेबाहेर काढले, त्याच संघाला हेल्म्सने देशात पहिला ठरवले. सगळ्या हंगामाची कामगिरी बघून ठरवले, असे याचे समर्थन होऊ शकते, आणि ते अगदीच वेडगळ नाही. एका रात्रीच्या एका गुणाने चार महिन्यांचे मोल बदलते का, हा वाद खेळाइतकाच जुना आहे. पण मग कॅन्ससने ठरवायला हवे. हेल्म्सचा शब्द प्रमाण मानायचा तर 1940 मध्ये आपण देशातल्या सर्वोत्तम संघाला हरवले आणि तरीही ती सर्वोत्तमच राहिली, हेही गिळायला हवे. मानायचा नसेल तर 1922 चा बॅनर कशाच्या आधारावर? सोयीचे तेवढे प्रमाण आणि गैरसोयीचे तेवढे मत, असे करून चालायचे नाही.

आणि 1940 एकटेच नाही. 1939 मध्ये स्पर्धा जिंकली ओरेगनने, हेल्म्सने निवडले लॉंग आयलंड. 1944 मध्ये जिंकले युटा, निवडले आर्मी. 1954 मध्ये जिंकले ला सॅल, निवडले केंटकी. यातले शेवटचे मला पटते, कारण केंटकी त्या हंगामात 25-0 अशी अपराजित होती आणि पदवी पूर्ण झालेल्या तीन मुख्य खेळाडूंना स्पर्धेत खेळवता येणार नाही म्हटल्यावर तिने भागच घेतला नाही. पण केंटकीचा मोठेपणा बघा. विजेतेपदे किती म्हणून विचारले तर ते विद्यापीठ आठ सांगते, आणि आठही एनसीएएची. 1933 चे हेल्म्सचे धरत नाही, 1954 चेही नाही. 1922 आणि 1923 च्या कॅन्सस संघांत राखीव बसणारा एक मुलगा होता, ॲडॉल्फ रप. पुढे प्रशिक्षक होऊन केंटकीला मोठे केले ते यानेच. एकाच माणसाची दोन घरे, आणि दोन घरांचा हिशेब दोन तऱ्हांचा!

बॅनर कोणाला का हवा असतो

ज्याच्याकडे भरपूर आहे त्याला दोन कमी-जास्तीने फरक पडायला नको, असे वाटते. प्रत्यक्षात उलटे असते. मोठ्या विद्यापीठांची चढाओढ एकेका आकड्यावर चालते. भरतीसाठी आलेल्या सतरा-अठरा वर्षांच्या पोराला प्रशिक्षक हॉलमध्ये नेतो, मान वर करायला लावतो आणि मोजायला सांगतो. पोराला 1922 काय नि 1952 काय, दोन्ही पणजोबांच्या काळातलेच. तिथे फक्त संख्या बोलते.

काहींना मात्र खरेच याचा आधार आहे. पर्ड्यू विद्यापीठाला एनसीएएचे विजेतेपद आजवर मिळालेले नाही. 1969 ला अंतिम सामना हरले, 2024 ला पुन्हा हरले. त्यांच्याकडे आहे ते 1932 चे हेल्म्सचे, आणि त्या संघात जॉन वुडन होते, म्हणजे पुढे यूसीएलएला दहा विजेतेपदे मिळवून देणारे प्रशिक्षक. हंगाम 17-1. पर्ड्यूवाल्यांनी हे जपून ठेवले तर मी तरी हसणार नाही.

आणि मिझुरी? त्या राज्याची ही सगळ्यांत मोठी व्यथा. एनसीएएच्या स्पर्धेत कितीतरी वेळा जाऊनही मिझुरी एकदाही शेवटच्या चारांत पोचलेली नाही. पूर्वलक्षी बॅनरची खरी भूक कोणाला असेल तर ती यांना. पण त्यांच्या बाजूने बोलणारी यादी पाववाल्याची नाही, प्राध्यापकांची, आणि ती आली सत्त्याऐंशी वर्षांनी. वरातीमागून घोडे म्हणतात ते हेच.

काढून घेतलेला आणि दिलेला

नुसत्या मागच्या तारखेने देण्याचीच नव्हे, तर मागच्या तारखेने काढून घेण्याचीही रीत या खेळात आहे.

2013 मध्ये अटलांटात लुईव्हिलने मिशिगनला 82-76 असे हरवले. 74,326 लोक स्टेडियममध्ये बसून बघत होते. टीव्हीवर बघणाऱ्यांची तर गणतीच नको. पुढे खेळाडूंना आणि भरतीसाठी आलेल्या मुलांना दिलेल्या गैरसवलतींचे प्रकरण उघड झाले आणि 2018 मध्ये एनसीएएने ते विजेतेपद रद्द ठरवले. पुरुषांच्या बास्केटबॉलमध्ये विजेतेपद रद्द होण्याची ती पहिलीच वेळ. बॅनर उतरला. कॅन्ससचेही 2018 चे शेवटच्या चारांतले स्थान नंतर रद्द झाले. तोही बॅनर उतरवावा लागला.

हे दोन्ही शेजारी ठेवले की डोके गरगरते. चौऱ्याहत्तर हजार लोकांनी डोळ्यांनी पाहिलेला विजय नोंदीत नाही. एकाही माणसाने न पाहिलेले, कारण तसे काही घडलेच नव्हते, असे विजेतेपद मात्र छताखाली डुलते आहे. शिक्षा योग्य की अयोग्य हा वेगळा विषय. मला एवढेच दिसते, की बॅनर मैदानावर काय झाले ते सांगत नाही. आज कोणाला काय मान्य आहे, ते सांगतो. 2020 मध्ये साथीमुळे स्पर्धाच झाली नाही, तर फ्लोरिडाच्या सिनेटने ठराव करून फ्लोरिडा स्टेटला विजेते म्हणून टाकले! त्याच वर्षी पत्रकारांच्या शेवटच्या क्रमवारीत पहिला नंबर होता 28-3 कामगिरीच्या कॅन्ससचा. म्हणजे 1922 पेक्षा कितीतरी भक्कम पुरावा हातात होता, तरी कॅन्ससने त्या वर्षाचे विजेतेपद आपल्या यादीत घातले नाही. जे आज करायला लाज वाटते, ते शंभर वर्षांपूर्वीच्या नावाने खपते.

या याद्यांबद्दल आणखी एक गोष्ट सांगितल्यावाचून राहवत नाही. हेल्म्सच्या 'राष्ट्रीय' विजेत्यांत कृष्णवर्णीयांचे एकही महाविद्यालय नाही. त्या काळात त्यांना गोऱ्यांच्या संघांशी खेळूच दिले जात नव्हते, म्हणून तुलना होण्याचा प्रश्नच आला नाही. आणि हा धागाही फिरून कॅन्ससलाच येतो. जॉन मॅक्लेंडन नावाचा तरुण तीसच्या दशकात तिथे शिकायला आला. त्याला मार्गदर्शन करणारे नेस्मिथ, बास्केटबॉल शिकवणारे साक्षात जनक. पण विद्यापीठाच्या संघात काळ्या मुलाला जागा नव्हती, त्यामुळे मॅक्लेंडन 1936 मध्ये पदवी घेऊन बाहेर पडला तो कॅन्ससचा एकही सामना न खेळता. पुढे नॉर्थ कॅरोलायनातल्या काळ्यांच्या कॉलेजात तो प्रशिक्षक झाला. 12 मार्च 1944 च्या रविवारी सकाळी, गाव चर्चमध्ये असताना, दरवाजे बंद करून त्याच्या संघाने ड्यूक विद्यापीठाच्या वैद्यकीय महाविद्यालयातल्या गोऱ्या मुलांशी सामना खेळला आणि 88-44 असा जिंकला. दुप्पट गुणांनी! कायद्याच्या नजरेत तो सामना गुन्हा होता, म्हणून वर्षानुवर्षे कोणी त्याचा उच्चार केला नाही.

मॅक्लेंडनला बास्केटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये 1979 मध्ये घेतले, पण 'योगदान देणारे' म्हणून. प्रशिक्षक म्हणून घ्यायला 2016 उजाडले. तेव्हा तो हयात नव्हता. त्याच्या टेनेसी ए अँड आय संघाने 1957, 1958 आणि 1959 अशी सलग तीन वर्षे एनएआयए या लहान कॉलेजांच्या संघटनेची राष्ट्रीय स्पर्धा जिंकली होती. हाही मागाहून दिलेलाच मान. पण हा देताना काही कल्पावे लागले नाही. मॅक्लेंडन प्रशिक्षक होताच, विजय झालेलेच होते, फक्त डोळे झाकलेले होते ते उघडले. मागाहूनच्या मानात मी फरक करतो तो इथे.

मग 1922 चे काय करावे

बॅनर उतरवा, असे मी म्हणणार नाही. ते खेळाडू खोटे नव्हते. पॉल एंडाकॉटचेच घ्या. लॉरेन्सचाच मुलगा, 1922 आणि 1923 च्या संघांचा आधारस्तंभ. हेल्म्सने त्याला 1923 चा सर्वोत्तम खेळाडू ठरवले, तेही अर्थात मागाहूनच. त्या मोसमात मिझुरीशी झालेल्या सामन्याच्या अखेरच्या क्षणांत त्याने एकामागून एक सोळा वेळा उडीचा चेंडू ओढवून घेतला, अशी कथा सांगतात. प्रत्येक वेळी प्रतिस्पर्ध्याच्या हातातल्या चेंडूवर झडप घालायची, पंचाला शिटी वाजवायला लावायची, उडी मारायची, आणि पुन्हा तेच. आज असे करू द्यायला नियमच नाही. पुढे तो फिलिप्स पेट्रोलियम कंपनीचा अध्यक्ष झाला आणि चौऱ्याण्णव वर्षे जगला. त्याच्या 12 नंबरच्या जर्सीचा मान ॲलन फील्डहाउसमध्ये आहे, आणि तो कोणा संस्थेच्या मतावर अवलंबून नाही.

त्या पोरांनी जे जिंकले ते लिहावे, आणि नेमके तेवढेच लिहावे. 1923 च्या बॅनरचे काम सोपे आहे. लीगमध्ये 16-0, एकट्याचे विजेतेपद, निर्विवाद. 1922 चा बॅनर मात्र थोडा रुंद शिवावा लागेल, कारण त्यावर दोन नावे मावायला हवीत :

मिझुरी व्हॅली, 1922. संयुक्त विजेते. कॅन्सस 15-1, मिझुरी 15-1.

शेजारच्या राज्यात, कोलंबिया गावात, अगदी असाच दुसरा बॅनर लावायला हरकत नाही. शिंप्याला माप एकदाच द्यावे लागेल.